राजाचं नाव खोडलं, राजाची सनद ठेवली

अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धाची गोष्ट आपल्याकडे बॉस्टनच्या चहापासून सुरू होते. तेरा वसाहतींतली सगळ्यात लहान, आजच्या गोव्यापेक्षाही लहान असलेली ऱ्होड आयलंड त्या गोष्टीत सहसा येतच नाही. तिथले लोक मात्र ही उणीव सव्याज भरून काढतात, आणि त्या भरात काही समज पक्के होऊन बसले आहेत.

पहिला समज आपला. चहाची खोकी समुद्रात पडली १६ डिसेंबर १७७३ला आणि तिथूनच उघड बंड सुरू झालं, हा. त्याच्या दीड वर्ष आधी, ९ जून १७७२ला, तस्करीवर पाळत ठेवणारं 'गॅस्पी' हे शाही जहाज 'हॅना' नावाच्या गलबताचा पाठलाग करताना नॅरागॅन्सेट उपसागरात वाळूवर रुतलं. भरती येईपर्यंत ते हलणार नव्हतं. बातमी प्रॉव्हिडन्सला पोचली तशी त्याच रात्री जॉन ब्राउन आणि अब्राहम व्हिपल यांच्या पुढाकाराने लांब होड्या निघाल्या. जहाजावरचा लेफ्टनंट डडिंग्स्टन गोळी लागून जखमी झाला, खलाशांना किनाऱ्यावर उतरवलं गेलं आणि जहाज पेटवून दिलं. राजाने चौकशी आयोग नेमला, मोठं बक्षीस लावलं. गावातल्या पोराटोरांना ठाऊक असलेली नावं आयोगाला शेवटपर्यंत मिळाली नाहीत.

पण यात निव्वळ स्वातंत्र्यप्रेम शोधू नये. वसाहतीत तीसच्या वर भट्ट्या होत्या. वेस्ट इंडिजच्या मळीपासून तिथे रम गाळली जायची, रम आफ्रिकेला जायची आणि तिच्या बदल्यात माणसं विकत घेतली जायची. जकात बुडवणं हा या धंद्याचाच भाग होता. खुद्द ब्राउनसुद्धा गुलामांच्या व्यापारातला.

दुसरा समज तारखेचा. ऱ्होड आयलंडने ४ मे १७७६ला, म्हणजे फिलाडेल्फियातल्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याच्या दोन महिने आधी स्वातंत्र्य जाहीर केलं, असं अभिमानाने सांगतात. त्या दिवशी उत्सवही होतो. ठराव खरा आहे. राजाशी निष्ठेची सक्ती करणारा जुना कायदा त्याने रद्द केला, नेमणुका आणि न्यायालयीन कागदांतून राजाचं नाव काढून टाकलं. पाऊल धाडसाचंच होतं, पण स्वतंत्र राज्य स्थापन झाल्याची घोषणा त्यात नाही. जुलैमध्ये फिलाडेल्फियाच्या जाहीरनाम्याला मान्यता दिल्यावरच ही वसाहत स्वतःला 'राज्य' म्हणवू लागली. गंमत म्हणजे ज्या राजाचं नाव खोडलं, त्याच्याच गादीवर आधी बसलेल्या दुसऱ्या चार्ल्सने १६६३ मध्ये दिलेली सनद त्यांनी तशीच ठेवली. गव्हर्नर निवडायचा हक्क आधीपासून लोकांकडेच होता, मग ती फेकायची कशाला? राज्यकारभार १८४३पर्यंत त्याच सनदेवर चालला.

तिसरा समज, न्यूपोर्ट फ्रेंचांनी सोडवलं. डिसेंबर १७७६मध्ये ब्रिटिश आणि भाडोत्री जर्मन शिपाई मिळून सुमारे सात हजारांची फौज इथे उतरली. १७७४मध्ये नऊ हजारांवर वस्ती असलेलं हे भरभराटीचं बंदर. फौजेने तीन हिवाळे काढले ते झाडं, कुंपणं, धक्क्यांची लाकडं आणि रिकामी घरं जाळून. जुलै १७७८च्या अखेरीस फ्रेंच आरमार आलं खरं. त्याची वाट अडवायला ब्रिटिशांनी आपलीच जहाजं बंदरात बुडवली. त्यांत 'लॉर्ड सँडविच' होतं, म्हणजे कॅप्टन कुकचं जुनं 'एन्डेव्हर'! पण वादळाने दोन्ही आरमारं झोडपली, फ्रेंच दुरुस्तीसाठी बॉस्टनला गेले आणि २९ ऑगस्टच्या लढाईनंतर अमेरिकन सेनापती सुलिव्हनला न्यूपोर्टचं बेट सोडावं लागलं. ब्रिटिश गेले ते ऑक्टोबर १७७९मध्ये, फौज दुसरीकडे हवी होती म्हणून, आपणहून. रोशाम्बोची फ्रेंच फौज उतरली १७८०च्या जुलैमध्ये. तेव्हा तिथे लढायला कुणी उरलंच नव्हतं.

२९ ऑगस्टच्या त्याच लढाईत भाडोत्री जर्मनांचे हल्ले परतवणारी पहिली ऱ्होड आयलंड पलटण हा सगळ्यात नाजूक विषय. 'स्वातंत्र्याच्या तत्त्वाला जागून वसाहतीने गुलामांना मुक्त केलं आणि सैन्यात घेतलं' हे वाक्य ऐकायला छान वाटतं. फेब्रुवारी १७७८चा कायदा मात्र गरजेतून आला होता. सरसेनापती वॉशिंग्टनला माणसं हवी होती आणि राज्याच्या वाट्याची संख्या गोऱ्या लोकांतून भरेना. भरती झालेला गुलाम तत्काळ मुक्त होणार आणि मालकाला १२० पौंडांपर्यंत भरपाई मिळणार, अशी योजना. मालकांनी इतका आरडाओरडा केला की जूनमध्येच ही भरती बंद करण्यात आली. शंभर-दोनशेच्या आसपास माणसं या वाटेने सुटली. पलटण पूर्णपणे कृष्णवर्णीय होती हेही अर्धसत्यच: आधीच मुक्त असलेले काळे, नॅरागॅन्सेट जमातीचे लोक तिच्यात होते, अधिकारी सगळे गोरे होते, आणि १७८१मध्ये ती दुसऱ्या पलटणीत मिसळली गेली.

शिपाई मुक्त झाला तरी त्याची बायको-मुलं मालकाकडेच राहिली. १७८४च्या कायद्याने १ मार्चनंतर जन्मणाऱ्या मुलांनाच मुक्त ठरवलं. त्याआधी जन्मलेल्या गुलामांना त्यात काहीच नव्हतं. १७८७मध्ये राज्याने आपल्या नागरिकांना गुलामांच्या व्यापारात भाग घ्यायला बंदी केली, तरी न्यूपोर्ट आणि ब्रिस्टलहून जहाजं त्यानंतर वीस वर्षं आफ्रिकेला जातच होती.