एका क्लिकची किंमत

जाहिरात देणारा व्यापारी पिढ्यान् पिढ्या एकाच वस्तूसाठीं पैसे मोजीत आला, व ती वस्तु म्हणजे जागा. वर्तमानपत्राचा रकाना, रस्त्यावरील फलक, नभोवाणीवरील अर्धें मिनिट, हीं सारीं जागेचींच निरनिराळीं रूपें होत. जागा विकली कीं विकणाराची जबाबदारी संपली. जाहिरात कोणी वाचली कीं नाहीं, वाचून कोणी दुकानाची पायरी चढला कीं नाहीं, याचा हिशेब ज्याचा त्यानें करावा. इंटरनेटच्या आरंभींच्या वर्षांतही बहुतेक ठिकाणीं हाच शिरस्ता होता. जाहिरात हजार वेळां दाखविली म्हणजे अमुक डॉलर, असा भाव असे. १९९८ सालीं बिल ग्रॉस या अमेरिकन उद्योजकानें जागेऐवजीं गिऱ्हाइकाचें येणेंच विकावयास काढलें, आणि या धंद्याचें रूप पालटलें.

ग्रॉस यांचा जन्म १९५८ चा. उद्योग मांडावा, वाढवावा, विकावा आणि दुसरा मांडावा, हा त्यांचा पिंडच. शाळेंत असतांना, तेलटंचाईच्या दिवसांत, त्यांनीं सौर उपकरणांचा व्यापार केला. पुढें पॅसाडीना येथील कॅलिफोर्निया इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी या विद्यालयांत शिकत असतांना ध्वनिवर्धक विकले. संगणकाच्या आज्ञावल्या लिहिणारी त्यांची पेढी लोटस कंपनीनें विकत घेतली. १९९१ मध्यें त्यांनीं मुलांच्या शिक्षणासाठीं नॉलेज ॲडव्हेंचर ही कंपनी काढली. १९९६ मध्यें मात्र त्यांनीं कंपन्या निर्माण करणारी कंपनीच स्थापिली. तिचें नांव आयडियालॅब. कल्पना, भांडवल, कचेरी आणि हिशेबनीस एकाच छपराखालीं पुरवून तेथें नवे उद्योग उभे केले जात.

त्या काळीं शोधयंत्रांची मोठी दैना झाली होती. पानावर एखादा शब्द किती वेळां आला, यास तीं यंत्रें फार महत्त्व देत. लबाड लोकांनीं हें वर्म ओळखलें व हवा तो शब्द शेंकडों वेळां लिहून आपलीं पानें वर चढविलीं. शोधणारास हवें एक व मिळे भलतेंच. ग्रॉस यांचा तर्क साधा होता. टेलिफोनच्या व्यापारी सूचिपुस्तकांत मोठी जाहिरात देणारा सहसा खरा धंदेवाला असतो, कारण त्यासाठीं त्याला पदरचे पैसे खर्चावे लागतात. मग उत्तरांच्या यादींतील जागेसही मोल लावलें, तर फुकट्या लबाडांची गर्दी आपोआप ओसरेल.

या तर्कावर गो-टू हें शोधयंत्र उभें राहिलें. प्रत्येक शब्दाचा लिलाव चाले व बोली एका सेंटपासून सुरू होई. 'फुलें' या शब्दासाठीं एका फुलवाल्यानें दहा सेंट व दुसऱ्यानें नऊ सेंट बोली लावली, तर पहिला वर व दुसरा त्याखालीं. पैसे मात्र कोणी खरोखर क्लिक करून दुकानांत आला, तरच द्यावयाचे. विशेष म्हणजे प्रत्येक उत्तराशेजारीं त्या जाहिरातदारास पडणारा खर्च छापलेला असे. ज्ञानाच्या दारांत पैशाचा तराजू मांडलेला पाहून पुष्कळांनीं नाकें मुरडलीं. व्यापाऱ्यांस मात्र खर्च केलेल्या प्रत्येक सेंटबद्दल काय पदरांत पडलें, हें प्रथमच नेमकें कळूं लागलें.

या लिलावांत दोन उणिवा होत्या. पहिली अशी कीं, जो जितकी बोली लावी, तितकेच पैसे त्याला भरावे लागत. त्यामुळें दोघे प्रतिस्पर्धी एकेक सेंटनें चढत जात. मग एकजण कंटाळून एकदम खालीं उतरे, दुसराही त्याच्या पाठोपाठ उतरे, आणि पुन्हा चढाओढ सुरू होई. भाव करवतीच्या दांत्यांसारखे वरखालीं होत राहत. दुसरी उणीव अधिक खोल होती. जागा केवळ पैशानें ठरे; उत्तर शोधणाराच्या उपयोगाचें आहे कीं नाहीं, हें त्या गणितांत कोठेंच नव्हतें.

फेब्रुवारी २००२ मध्यें गूगलनें आपल्या नव्या पद्धतींत या दोन्हीं उणिवा भरून काढल्या. खालच्या स्पर्धकास मागें टाकण्यापुरतेंच मोल घ्यावयाचें ठरलें. शिवाय बोलीस, लोक ती जाहिरात किती प्रमाणांत उघडतात, या आंकड्यानें गुणण्यांत आलें. म्हणून कमी पैसे देणारी पण उपयुक्त जाहिरात वर येऊं शके. आणि मूळ उत्तरें जाहिरातींपासून वेगळीं ठेवलेलीं होतीं. ग्रॉस यांची कल्पना जिंकली; तिचें सर्वांत मोठें फळ मात्र दुसऱ्याच्या झाडास लागलें.

गो-टूचें नांव २००१ मध्यें ओव्हर्चर झालें होतें. एप्रिल २००२ मध्यें या कंपनीनें आपल्या पेटंटच्या आधारें गूगलवर दावा लावला. २००३ मध्यें याहूनें ओव्हर्चर सुमारें १६० कोटि डॉलरांस विकत घेतली, व ऑगस्ट २००४ मध्यें गूगलनें याहूस २७ लाख शेअर देऊन तंटा मिटविला.

या व्यवहारांत शोधणाराचें काय झालें, हा प्रश्न उरतोच. पैसे देऊन मिळविलेलीं उत्तरें स्पष्टपणें ओळखूं आलीं पाहिजेत, असें अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशननें जून २००२ मध्यें शोधयंत्रांच्या चालकांस पत्रानें बजाविलें. गो-टूच्या पानावर उत्तरामागचा सौदा आंकड्यासकट उघड दिसत असे. तो आंकडा पुढें नाहींसा झाला व 'प्रायोजित' असा एक लहानसा शब्द तेवढा शिल्लक राहिला. ज्या उघडेपणाबद्दल लोकांनीं नांवें ठेविलीं, तोच त्या पद्धतीचा सर्वांत प्रामाणिक भाग होता.

ग्रॉस यांच्या पदरीं अपयशही भरपूर आलें. आयडियालॅबमधून निघालेली ई-टॉइज ही खेळण्यांची कंपनी १९९९ मध्यें शेअरबाजारांत गाजली व २००१ मध्यें दिवाळखोर झाली. २०१० मध्यें ट्विटरवरील संदेशांसाठीं बोलीची तीच रीत त्यांनीं ट्वीट-अपमध्यें लावून पाहिली. तिला गो-टूसारखें यश आलें नाहीं. २०१५ मधील एका व्याख्यानांत त्यांनीं दोनशें कंपन्यांची तुलना करून सांगितलें कीं, यशाचें पहिलें कारण योग्य वेळ हें होय. कल्पनेचा क्रमांक तिसरा लागतो. कल्पनांचा कारखाना काढणाऱ्या माणसाचाच हा कबुलीजबाब!

२०२४ मध्यें त्यांनीं प्रोराटा ही नवी कंपनी काढली. कृत्रिम बुद्धिमत्ता जें उत्तर रचते, त्यांत कोणत्या लेखकाचा किती वांटा आहे हें मोजून, त्या प्रमाणांत त्याला मोबदला द्यावयाचा, असा तिचा उद्देश. १९९८ मध्यें उत्तराच्या यादींत वर बसणारानें काय द्यावें, हें त्यांनीं ठरविलें होतें. उत्तर ज्याच्या श्रमांतून निघालें त्याला काय मिळावें, हा आतांचा प्रश्न आहे. पहिल्या हिशेबांत शोधणाराचें हित आरंभीं विसरलें गेलें व तें दुसऱ्यानें भरून काढलें. या दुसऱ्या हिशेबांत तसें होऊं नये, यांतच तिघांचेंही हित आहे: लिहिणाराचें, विकणाराचें आणि विचारणाराचें.