जुन्या फोनांत नवी प्रणाली

यंत्राला दोन आयुष्यें असतात. एक त्याच्या धातूचें व कांचेचें. दुसरें त्याच्या निर्मात्याच्या आस्थेचें. स्मार्टफोनाच्या बाबतींत दुसरें पहिल्याच्या बरेंच आधीं संपतें. मोटोरोला कंपनीचा मोटो जी हा फोन नोव्हेंबर २०१३ मध्यें निघाला व फेब्रुवारी २०१४ मध्यें १२,४९९ रुपयांस भारतांत आला. मध्यमवर्गाच्या खिशाला पेलणारें हें यंत्र अँड्रॉइड ४.३ घेऊन निघालें आणि २०१५ सालीं ५.१ वर थांबलें. फोन पुढेंहि चालत राहिला. परंतु त्याच्या प्रणालींतील दोष दुरुस्त करण्याचें कंपनीनें थांबविलें.

अशा फोनांत इतरांनीं सिद्ध केलेली प्रणाली बसवितां येते. कारण अँड्रॉइडची मूळ आज्ञावली सर्वांना खुली आहे. २००९ सालीं निघालेल्या सायनोजेनमॉड या प्रकल्पानें ती नाना फोनांना अनुरूप करून घेतली. डिसेंबर २०१६ मध्यें तो बंद पडला, तेव्हां लिनिएज ओएस या नांवानें स्वयंसेवकांनीं तेंच कार्य पुढें चालविलें. लिनिएजच्या १४.१ या आवृत्तीनें मोटो जीला अँड्रॉइड ७.१ पर्यंत नेलें.

फोन सुरू होतांच प्रथम जागी होणारी लहानशी आज्ञावली म्हणजे बूटलोडर. निर्मात्यानें मान्य केलेली प्रणालीच ती आंत घेते. हें कुलूप उघडण्यासाठीं फोन यूएसबी केबलनें संगणकास जोडून त्याच्याकडून अंकाक्षरांची एक लांबलचक माला मिळवावी लागते. ती कंपनीला कळविली कीं संकेतांक येतो. तो देतांच फोनांतील सर्व माहिती पुसली जाते. यांत कंपनीची दक्षता आहे: चोरानें कुलूप उघडलें तरी मालकाचीं छायाचित्रें व पत्रें त्याच्या हातीं लागूं नयेत. म्हणून मालकानें तीं आधींच अन्यत्र उतरवून ठेवलीं पाहिजेत.

त्यानंतर ‘रिकव्हरी’ ही दुरुस्तीची छोटी प्रणाली बसवावयाची व तिच्या द्वारें मुख्य प्रणाली आंत न्यावयाची. येथें नमुन्याचा क्रमांक नीट पाहावा. भारतांत आलेल्या दोन सिमकार्डांच्या मोटो जीचा क्रमांक एक्सटी१०३३ असा आहे. याच फोनाचा ४जी नमुना दिसण्यांत जुळा असला, तरी त्याची प्रणाली निराळी आहे. एकाची दुसऱ्यांत घातल्यास फोन मुळींच सुरू न होण्याची भीति असते.

एवढें सर्व यथासांग झालें, तरी यंत्राच्या मूळ मर्यादा हटत नाहींत. एक्सटी१०३३ मध्यें ४जीची योजनाच नाहीं. त्यामुळें २०१६ सालीं सुरू झालेली व २जी-३जीवर न चालणारी जिओची सेवा त्याला कोणतीहि प्रणाली मिळवून देऊं शकत नाहीं. स्मृति १ जीबीची ती तेवढीच राहते. मोडेम चालविणारी बंदिस्त आज्ञावलीहि कंपनीची जुनीच राहते. शिवाय कुलूप उघडें असल्यानें, फोन ज्याच्या हातीं पडेल तो त्यांत हवी ती प्रणाली घालूं शकतो. म्हणूनच बँकांचीं अनेक ॲपें अशा फोनावर चालण्याचें नाकारतात.

यावरून गृहस्थानें फोनाला कोणतें काम द्यावें हें ठरतें. ग्रंथवाचन, संगीत, मुलांचा शब्दकोश, स्वयंपाकघरांतील आकाशवाणी हीं कामें जुना फोन नव्या प्रणालीवर समाधानकारक करील. घरच्या पैशाची किल्ली मात्र त्याच्या हातीं देऊं नये.