उपकाराचे ओझे शरीराने फेडू नका

वाचकहो, आरोग्याच्या सदरात साहेबांचे आभार मानण्याचा विषय कोठून आला, असे तुम्हांला वाटेल. रक्तदाब, आम्लपित्त, डोकेदुखी, झोप न लागणे अशा तक्रारी घेऊन नोकरदार माणूस दवाखान्यात आला की मी कामाच्या ताणाची चौकशी करतोच. बहुतेक जण साहेबांच्या जाचाबद्दल बोलतात. तो विषय आपल्याला नवा नाही. पण साहेबांच्या चांगुलपणाखाली दबून तब्येत बिघडवून घेणारी माणसेही मी पाहतो, आणि त्यांच्याविषयी फारसे कोणी लिहीत नाही.

माझे एक रुग्ण एका कार्यालयात लिपिक आहेत. वय पन्नाशीचे. त्यांना हृदयविकाराचा झटका आला, अँजिओप्लास्टी झाली, दीड महिन्याने ते कामावर रुजू झाले. त्यांच्या साहेबांनी न मागता त्यांची फिरती बंद केली, जिना चढावा लागू नये म्हणून टेबल तळमजल्यावर हलवले आणि तपासणीच्या दिवशी उशिरा आलात तरी चालेल असे सांगितले. इतके सारे छान झाल्यावर रुग्णाची तब्येत सुधारायला हवी. पण हे गृहस्थ दोन महिने माझ्याकडे फिरकलेच नाहीत. शेवटी त्यांच्या पत्नी त्यांना हाताला धरून घेऊन आल्या, तेव्हा रक्तदाब चांगलाच वाढलेला होता.

बाई म्हणाल्या, "रोज रात्री आठला घरी येतात, डॉक्टर. रविवारीसुद्धा फायली घेऊन बसतात. काही बोलले की म्हणतात, साहेबांनी एवढं केलं, आता तपासणीसाठी पुन्हा कोणत्या तोंडाने सांगू?"

मी त्यांना विचारले, "साहेबांना आभाराचा एखादा शब्द बोललात का?"

"छे हो. लोक म्हणतील, मस्का मारतोय."

म्हणजे जे काम दोन वाक्यांनी झाले असते, ते हे गृहस्थ हृदयाकडून करून घेत होते. आपल्या भाषेत याला मिंधेपणा म्हणतात. कोणाच्या उपकाराखाली असल्याची बोचणी मनात राहते, ती बोलून मोकळी होत नाही, मग माणूस जादा राबून उतराई होऊ पाहतो. गंमत अशी की साहेबांना या फेडीचा पत्ताही नसतो. त्यांनी दिलेली सवलत रुग्णाने विश्रांती घ्यावी म्हणून असते, आणि तीच विश्रांती रुग्ण त्यांना परत करत असतो.

साहेबांनी दिलेली मोकळीक ही क्षुल्लक गोष्ट नव्हे. इंग्लंडमधील सरकारी कर्मचाऱ्यांचा एक प्रसिद्ध अभ्यास १९६७ साली सुरू झाला. जो जितक्या खालच्या पायरीवर, त्याला हृदयविकाराने मृत्यू येण्याचे प्रमाण तितके जास्त, असे त्यात आढळले. धूम्रपान, रक्तदाब वगैरे गोष्टी हिशेबात धरल्या तरी हा फरक पुरता मिटला नाही. १९८५ पासून त्याच प्रकारचा दुसरा अभ्यास सुरू झाला. आपले काम कसे आणि केव्हा करायचे हे ज्यांच्या हाती फारसे नसते, त्यांच्यात हृदयविकार अधिक, असे त्यातून दिसले. तेव्हा कामाच्या वेळेत आणि पद्धतीत सवलत देणारा अधिकारी एका अर्थी तुमच्या उपचाराला हातभारच लावतो. त्याची जाणीव ठेवणे योग्यच आहे. प्रश्न आहे तो ती व्यक्त कशी करायची याचा.

साहेबांच्या दारापर्यंत जाऊन माणूस परत का फिरतो? आपल्यावर ज्याचा अधिकार चालतो अशा व्यक्तीसमोर उभे राहताना शरीर सावध होते. दोन्ही मूत्रपिंडांच्या माथ्यावर टोपीसारख्या बसलेल्या ग्रंथींतून अ‍ॅड्रेनलिन रक्तात येते. नाडी जलद होते, तळहात ओले होतात, तोंडाला कोरड पडते आणि पाठ केलेले वाक्य नेमके तेव्हाच विसरते. निरोगी माणसात हे काही मिनिटांत ओसरते. त्याला घाबरण्याचे कारण नाही.

दुसरे कारण आपल्या वळणाचे आहे. घरच्या माणसाला आपण आभारी आहे म्हणत नाही. म्हटले तर तो रागावतो. आभार ही सभेतली गोष्ट, आणि तीही शेवटची, श्रोते चपला शोधायला लागतात तेव्हाची. त्यामुळे समोरासमोर आभार मानायचे म्हटले की आपल्याला नाटकी वाटते. अमेरिकेतील अमित कुमार आणि निकोलस एप्ली या दोन संशोधकांनी २०१८ साली याच संकोचावर अभ्यास प्रसिद्ध केला. लोकांना आभाराची पत्रे लिहायला सांगितली आणि ती मिळालेल्यांना काय वाटले तेही विचारले. लिहिणाऱ्यांना वाटत होते की समोरचा अवघडून जाईल. प्रत्यक्षात तो त्यांच्या अंदाजापेक्षा कमी अवघडला आणि जास्त आनंदला. शब्द नेमके सापडतील ना, याची चिंता लिहिणाऱ्याला असते. वाचणारा त्यातला जिव्हाळा पाहतो.

आता खुशामत आणि आभार यांतला फरक. खुशामत माणसाची असते, आभार कामाचे. "साहेब, तुमच्यासारखा देवमाणूस नाही" हे वाक्य कोणालाही, केव्हाही म्हणता येते, म्हणून ते ऐकणाऱ्याला खोटे वाटते. त्याऐवजी माझ्या रुग्णाला मी असे काही लिहायला सांगितले : "साहेब, आजारपणानंतर आपण माझी फिरती बंद करून मला खाली टेबल दिलेत. त्यामुळे मला धाप न लागता काम करता येते. याबद्दल मी आपला मनापासून आभारी आहे. दर महिन्याच्या तपासणीची तारीख मी आधी कळवत जाईन." काय केलेत, त्याचा मला काय उपयोग झाला, बस्स. शेवटचे वाक्य मी मुद्दाम घातले. पुन्हा सवलत कशी मागू हा पेच त्याने सुटतो, आणि साहेबांनाही कामाची आखणी करता येते.

वेळेचेही तारतम्य हवे. साहेब एकटे असताना, काम हलके असताना दोन मिनिटांत बोलावे. मार्चअखेरीस, गोपनीय अहवालाच्या दिवसांत कोणी आभाराला गेला तर त्याच्या शब्दाला वेगळाच वास येतो. आभार मानता मानता बदलीचा अर्ज पुढे करू नये. भेटवस्तू तर नकोच. सरकारी सेवकांनी भेटी स्वीकारण्यावर महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम, १९७९ नुसार बंधने आहेत. मिठाईच्या मोठ्या खोक्याने त्या भल्या माणसाची अडचणच होईल. बोलणे जमत नसेल तर चार ओळींची चिठ्ठी पुरे. साहेब "अहो, त्यात काय एवढं" म्हणाले तर वाद घालत बसू नका, नमस्कार करून आपल्या टेबलावर या.

हक्क आणि उपकार यांची गल्लत मात्र करू नका. १९६१ च्या प्रसूतिलाभ कायद्यात २०१७ साली दुरुस्ती होऊन पहिल्या दोन अपत्यांसाठी रजा १२ आठवड्यांवरून २६ आठवड्यांची झाली. ही तरतूद जेथे लागू आहे तेथे ती पात्र स्त्रीची कायदेशीर रजा आहे. ती मंजूर झाली म्हणून कोणी आयुष्यभर ओशाळे राहायचे कारण नाही. मात्र मॅडमनी रजेच्या काळात वर्ग नीट सांभाळून घेतला, परत आल्यावर बाळाला पाजण्यासाठी वेळ जुळवून दिली, तर त्या समजूतदारपणाचे आभार जरूर मानावेत. आणि साहेब खरोखरच छळत असतील, तर ओढूनताणून कृतज्ञता आणू नका. त्या ताणावर तो उपाय नव्हे.

माझ्या रुग्णांनी ती चिठ्ठी दिली. साहेबांनी वाचून घडी घातली, खिशात ठेवली आणि विचारले, "तपासणी कधी आहे?" आता ते साडेसहाला घरी असतात असे त्यांच्या पत्नी सांगतात. रक्तदाबही उतरला आहे. पण त्याचे श्रेय चिठ्ठीला देऊ नये, सुटलेल्या गोळ्या पुन्हा नियमित चालू झाल्या हे मुख्य कारण.

अँजिओप्लास्टी झालेल्यांनी एवढे ध्यानात ठेवावे, की रक्ताची गुठळी होऊ नये म्हणून दिलेल्या गोळ्या कामाच्या गडबडीतही चुकवायच्या नाहीत आणि डॉक्टरांना विचारल्याशिवाय बंद करायच्या नाहीत. कामावर असताना छातीत दुखले, धाप लागली किंवा दरदरून घाम सुटला, तर हातातली फाइल पुरी करण्याची वाट पाहू नका. शेजारच्या टेबलावरच्या माणसाला लगेच सांगा आणि रुग्णालय गाठा. साहेबांना मागाहून कळवले तरी चालते.