निखाऱ्यांवरचा शनिवार

पहाटे 5.45
मालवणच्या किनाऱ्यावर लिलाव सुरू व्हायच्या आत मी बर्फाचा डबा घेऊन हजर असते. मे महिन्यात दर शनिवारी रात्री आमच्या होमस्टेच्या अंगणात निखाऱ्यांवरचे मासे असतात. आज पाहुणे चौदा. 1 जूनपासून यांत्रिक नौकांची मासेमारी बंद होईल, म्हणून हे शेवटचे शनिवार मला फार मोलाचे वाटतात.

‘सकाळचोच मासो आसा गो, डोळे बघ त्येचे,’ नेहमीच्या काकी म्हणतात. डोळे फुगीर आणि चकचकीत, कल्ले लालभडक, बोटाने दाबलेलं मांस लगेच वर येतं. वीस बांगडे आणि एक सुरमई घेते. बांगडे तिथेच बर्फात जातात. उन्हात राहिलेल्या बांगड्यात हिस्टामिन तयार होतं. ते शिजवूनही जात नाही आणि खाणाऱ्याच्या अंगावर गांधी उठतात.

सकाळी 8
विळीवर बसून बांगडे साफ करते. पाठीच्या काट्याच्या दोन्ही बाजूंनी खोल चिरा देऊन मसाल्यासाठी खिसे करायचे. सुरमईचे काटे काढून जाड तुकडे करते. सगळं पुन्हा बर्फावर.

सकाळी 9.30
पहिलं वाटण रेशाद. ब्याडगी मिरच्या रात्रीच माडाच्या व्हिनेगरात भिजत घातल्यात. त्यात लसूण, जिरं, मिरी, लवंग, दालचिनी, हळद, चिंच आणि गुळाचा लहानसा खडा. वाटण इतकं घट्ट हवं की चमच्यावरून ओघळू नये, नाहीतर ते निखाऱ्यांत गळतं.

रेशाद हा शब्द पोर्तुगीज, अर्थ ‘भरलेलं’. मिरचीसुद्धा पोर्तुगीजांबरोबरच अमेरिकेतून आपल्याकडे आली. द्राक्षाच्या व्हिनेगराच्या जागी इथे माडीचं व्हिनेगर आलं. ज्याला आज फ्युजन म्हणतात ते आमच्या पाट्यावर कधीचंच चाललं आहे. हे ठाऊक असल्यामुळेच दुसऱ्या वाटणाचं धाडस मला झालं.

सकाळी 11.30
दुसरं वाटण थायलंडच्या वळणाचं. परसात विहिरीजवळ गवती चहाचं बेट आहे. पाती चहाला जातात, मी बुंध्याकडचा पांढरा, कोवळा भाग घेते. त्यात आलं, लसूण, हिरवी मिरची, कोथिंबिरीची मुळं आणि नारळाचं घट्ट दूध. थाई स्वयंपाकात कोळंबीची आंबवलेली चटणी घालतात, मी मूठभर सुका जवळा भाजून, कुटून घालते. लिंबाच्या जागी घरचं कोकमाचं आगळ.

पहिल्या वर्षी आगळ दुपारीच चोळून ठेवलं होतं. संध्याकाळी तुकडे पांढरेफटक झाले आणि जाळीवर भुगा होऊन पडले. उष्णता मांसाला जे करते तेच आंबटही करतं. पेरू देशातलं माशाचं सेविचे तर विस्तवाशिवाय, नुसत्या लिंबाच्या रसातच होतं. तेव्हापासून आगळ शेवटच्या वीस मिनिटांत.

दुपारी 2
बांगड्यांत रेशाद भरून ते फ्रिजमध्ये. कातडी शाबूत असल्यामुळे बांगडा हे पाच तास सहज सोसतो. केळीची पानं विस्तवावरून फिरवून मऊ करते. मग तासभर पाठ टेकते.

संध्याकाळी 5.30
करवंटीचा कोळसा पेटवते. ज्वाळेवर मासा करपतो आणि आत कच्चा राहतो, म्हणून कोळशावर राखेचा करडा थर येईपर्यंत पाऊण तास थांबायचं. निखारे एका बाजूला जाड, दुसऱ्या बाजूला पातळ पसरते. सुरमईला आगळ आणि वाटण लावून पानांत बांधते.

संध्याकाळी 7
सूर्य बुडत असतो. जाळी आधी कडक तापवून घासायची, मग तेलाची चिंधी फिरवायची. बांगड्याची कातडी पुसून कोरडी केलेली. जाळीवर ठेवला की चर्र आवाज येतो आणि इथेच हात आवरावा लागतो. कातडी भाजली की मासा जाळी आपणहून सोडतो. त्याआधी ओढला तर निम्मा जाळीलाच राहतो. बांगड्याला दर बाजूला साधारण साडेचार मिनिटं. पानातली सुरमई पातळ निखाऱ्यांच्या बाजूला, दहा-बारा मिनिटं. पान काळं पडतं, कडेतून नारळाच्या दुधाचे बुडबुडे येतात. मांसाची पाकळी सुटली की झालं.

रात्री 8
तांदळाची भाकरी, सोलकढी, कैरी-कांद्याची कोशिंबीर. पाहुण्यांतल्या एक आजी पान उघडतात, वास घेतात आणि म्हणतात, ‘अगं, हा तर आपला गवती चहा!’ मला हेच हवं असतं. नवी चव ताटात यावी, पण ओळखीच्या हाताला धरून, आणि सुरमई सुरमईसारखीच लागावी.

रात्री 10.30
उरलेले निखारे वाळूत पुरते. शेवटचे दोन बांगडे मदतीला येणाऱ्या मावशी आणि मी पायरीवर बसून खातो. मग वहीत लिहिते: रेशादमध्ये गूळ किंचित कमी, कडा करपल्या. सुरमईला गवती चहाचे आणखी दोन बुंधे चालतील. पुढच्या शनिवारच्या मिरच्या काकींच्या पोरीकडून आणायच्या.