धवले टिपून ठेवा

मंडळी, मानपाडे दोन. एक ठाण्याला घोडबंदर रस्त्यावर, दुसरे डोंबिवलीत. दोन्हींच्या आसपास आगरी लोकांची जुनी गावे आहेत. तिथल्या हळदीत वाजणारे गाणे पूर्वी कॅसेटीतून येई. कोणते गाणे काढायचे, हे कंपनी ठरवी. २००५ साली यूट्यूब निघाले, २०१६ पासून मोबाइलवरचे इंटरनेट स्वस्त झाले, आणि गावचा पोरगाही आपले गाणे चित्रित करून जगापुढे मांडू लागला. तिकडे इंडोनेशियात ‘डांगडुट’ गाण्यांचेही असेच झाले: आधी तबकड्या, मग यूट्यूब.

पण बरं का, चार मिनिटांच्या नाचगाण्यात धवला मावत नाही. लग्नाचे विधी जसजसे होत जातात, तसतशी धवलारीण गात जाते. सारे मुखपाठ! ती गेली, की तिचे धवलेही गेले.

तेव्हा गुरुजनहो, आधी तिची परवानगी घ्या. मग मुलांच्या हाती फोन देऊन तिचे गाणे पहिल्यापासून शेवटपर्यंत टिपून घ्या. कोणत्या विधीला कोणता धवला, तेही वहीत लिहा. एवढे केलेत, तर गावातली एखादी मुलगी उद्या ते ऐकून शिकू शकेल.