अँटवर्पच्या रस्त्यावर चौगुले

१ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांच्या सीमा नव्याने आखल्या गेल्या, तेव्हा किनवट आणि राजुरा पलीकडे गेले आणि आमचा आदिलाबाद आंध्र प्रदेशात आला. त्याच दिवशी बेळगाव म्हैसूर राज्यात गेले. पैनगंगेच्या या तीरावरील मराठी घरांना बेळगाव आपले वाटते ते यामुळेच. तेथील एका धावपटूचा परिचय वाचकांस करून द्यावा, असे आमच्या मनात फार दिवस होते.

फडेप्पा दरेप्पा चौगुले हे त्यांचे नाव. नावाचे वळण कानडी, तर आडनाव पाटलाच्या मदतनिसाचे, गावगाड्यातले. सीमाभागात वाढलेल्यास याचे नवल वाटणार नाही.

१९१९ साली पुण्यास डेक्कन जिमखान्याच्या शर्यती झाल्या. सर दोराबजी टाटा त्या पाहावयास होते. धावणारे बहुतेक शेतकरी कुटुंबांतले आणि अनवाणी. परंतु त्यांच्या वेळा युरोपातील धावपटूंच्या वेळांपासून फार दूर नव्हत्या. ही माणसे ऑलिंपिकला का जाऊ नयेत, असे दोराबजींना वाटले, आणि त्यांनी ते मनावर घेतले. पुढच्याच वर्षी बेल्जममधील अँटवर्प येथे जाणारा लहानसा चमू निवडला गेला. त्यात चौगुले होते, सदाशिव दातार होते, आणि कुस्तीत चौथा क्रमांक मिळविणारे रणधीर शिंदेही होते.

मॅरेथॉन झाली २२ ऑगस्ट १९२० रोजी. लोकमान्य टिळकांच्या निधनाला त्या दिवशी तीन आठवडे झाले होते. सातासमुद्रापलीकडे असलेल्या या तरुणांपर्यंत ती वार्ता पोहोचली असेल, तर त्यांच्या मनाची काय अवस्था झाली असेल, याची कल्पनाच केलेली बरी. त्या वर्षीचा मार्ग आजच्या ४२.१९५ किलोमीटरपेक्षा अर्ध्या किलोमीटरहून अधिक लांब, म्हणजे ४२.७५ किलोमीटरचा होता. फिनलंडचे हानेस कोलेमाइनेन २ तास ३२ मिनिटे ३५.८ सेकंदांत पहिले आले. हे गृहस्थ गवंडीकाम करणारे, आणि १९१२ साली स्टॉकहोमला तीन सुवर्णपदके मिळविलेले. चौगुले २ तास ५० मिनिटे ४५.४ सेकंदांत एकोणिसावे आले. प्रत्येक किलोमीटरला जेमतेम चार मिनिटे हा वेग त्यांनी पावणेतीन तासांहून अधिक काळ टिकविला. आजच्या अंतराच्या हिशेबाने ही वेळ २ तास ४८ मिनिटांच्या आसपास भरते. आमच्या तालुक्यातील धावणाऱ्या मुलांनी हा आकडा वहीत लिहून ठेवावा.

एकोणिसाव्यास पदक नाही, आणि हौशी खेळाडूस पैसाही नाही. त्या काळचा नियम मोठा कडक होता. अमेरिकेच्या जिम थॉर्प यांनी बेसबॉल खेळून किरकोळ पैसे घेतले होते, एवढ्यासाठी १९१३ साली त्यांची पदके काढून घेण्यात आली. ज्याच्या घरी दोन वेळची चिंता नाही त्याला असा नियम शोभून दिसतो. शेतकऱ्याच्या मुलाने मात्र महिनोन् महिने काम सोडून धावावे, आणि त्याबद्दल काहीही घेऊ नये, यात आम्हांला न्याय दिसत नाही. दोराबजींसारखा पाठीराखा मिळाला म्हणूनच ती वाट खुली झाली.

हेच दोराबजी १९२७ साली भारतीय ऑलिंपिक संघटनेचे पहिले अध्यक्ष झाले. चौगुले यांची वेळ सेकंदाच्या दशांशासह नोंदली गेली आहे. दातारांची मात्र इंग्रजी यादीत अनेक ठिकाणी ‘सदाशिर’ अशी नोंद आढळते. असे नाव मराठी घरात कोणी ठेवीत नाही, हे त्या लेखनिकाला सांगणारे कोणी जवळ नव्हते.