पुढच्या चाकाची खटखट

आज लोणच्या-पापडाचा विषय नाही, शेळ्यांच्या लसीचाही नाही. आज गाडीचा विषय आहे. हसू नका. आता कितीतरी गटांकडे जुनी छोटी गाडी आली आहे, आणि गाडी आली की तिच्यामागे खर्चही आला. तो खर्च कुठे होतो आणि कुठे वाया जातो, ते आम्ही आमच्या अंगावर शिकलो. तेच आज सांगतो.

आमच्या गटानं तीन वर्षांपूर्वी एक जुनी हॅचबॅक घेतली. हॅचबॅक म्हणजे ती आखूड गाडी, जिला मागं वेगळी डिकी निघालेली नसते, अख्खं मागचं दारच वर उघडतं. मारुती ८०० किंवा जुनी अल्टो डोळ्यांपुढे आणा. शेंगाचटणीचे डबे आठवडी बाजाराला न्यायचे म्हणून घेतली, पण गावात कुणाला रात्री-अपरात्री दवाखान्यात न्यायचं झालं तरी तीच लागते. वाडीपासून डांबरी रस्त्यापर्यंत चार किलोमीटर नुसता मुरूम आणि खड्डे.

दिवाळी झाली आणि डाव्या पुढच्या चाकाकडून खटखट सुरू झाली. तालुक्याच्या गावातल्या एका गॅरेजमध्ये नेली. तिथल्या माणसानं गाडीभोवती एक फेरी मारली आणि म्हणाला, "ताई, शॉकअप गेलेत. दोन्ही बदलावे लागतील." आम्ही हो म्हटलं. साडेचार हजार रुपये गेले. दुसऱ्या दिवशी मुरमावर आलो तर खटखट होती तशीच.

बैठकीत जे बोलणं झालं ते इथे सांगत नाही. हिशेब ठेवणाऱ्या ताईंना रडू आलं होतं एवढंच सांगतो. पैसे सगळ्यांचे होते. आणि खरं बोलायचं तर चूक निम्मी आमचीही होती. "शॉकअपच गेलेत हे कशावरून?" हे आमच्यापैकी एकीनंही विचारलं नव्हतं.

पुढं पंधरा दिवसांनी आमच्यातल्या एका ताईंच्या सुनेला रात्री कळा सुरू झाल्या. त्याच गाडीतून, त्याच खटखटीसकट तिला नेलं. सगळं नीट झालं, बाळ-बाळंतीण सुखरूप घरी आले. मग आम्ही हायवेच्या फाट्यावरच्या एका म्हाताऱ्या मिस्तरींकडे गेलो. त्यांनी आधी काही सांगितलंच नाही. गाडी जॅकवर घेतली, चाक हातानं हलवलं आणि आम्हाला म्हणाले, "आता तुम्ही धरा." आम्ही धरलं. चाक हातात लटलट हलत होतं. "हा बॉल जॉइंट आहे, वहिनी. हा निसटला असता तर चालत्या गाडीचं चाक आडवं झालं असतं." त्या रात्रीची आठवण होऊन आमच्या पोटात गोळा आला.

आता हा बॉल जॉइंट काय आणि शॉकअप काय, ते समजून घेऊ. मारुती ८०० ही गाडी १९८३ च्या अखेरीस आली आणि २०१४ च्या सुरुवातीला बनायची थांबली. तिचं आणि अल्टोचं पुढचं सस्पेन्शन एकाच पद्धतीचं, मॅकफर्सन नावाच्या अमेरिकन इंजिनिअरनं १९४०च्या दशकात काढलेलं. आज बहुतेक सगळ्या छोट्या गाड्यांना पुढं तेच असतं. म्हणून एक समजलं की बाकीच्याही गाड्या समजतात.

चाकाच्या मागं एक जाड ओतीव लोखंडाचा तुकडा असतो, त्याला गॅरेजमध्ये नकल म्हणतात. ही नकल वरून शॉकअपनं धरलेली असते आणि खालून लोअर आर्मनं. शॉकअप उभा असतो, त्याच्याभोवती जाड स्प्रिंग असते आणि त्याचं वरचं टोक बोनेटखाली, रबरी माउंटिंगमध्ये बसवलेलं असतं. खड्डा आला की धक्का स्प्रिंग झेलते. पण नुसती स्प्रिंग असती तर गाडी पाळण्यासारखी डुलतच राहिली असती. पाळणा थांबवायला आपण हात लावतो ना, तो हात म्हणजे शॉकअप. त्याच्या पोटात तेल असतं, ते बारीक भोकांतून जाताना अडतं आणि डुलणं थांबतं.

खाली लोअर आर्म आडवा असतो. त्याचं आतलं टोक गाडीच्या सांगाड्याला रबरी बुशनं जोडलेलं, आणि बाहेरचं टोक नकलेला बॉल जॉइंटनं. बॉल जॉइंट म्हणजे आपल्या खुब्याचा सांधा समजा: वाटीत बसलेला गोळा, सगळीकडे वळणारा. वरून रबराची टोपी असते आणि आत ग्रीस. टोपी फाटली की धूळ-पाणी आत जातं, ग्रीस वाळतं आणि गोळा झिजतो. बुश म्हणजे गुडघ्यातली गादी. गादी झिजली की हाड हाडावर आपटतं, तसं बुश गेला की लोखंड लोखंडावर आपटतं.

आणखी एक वाकडी सळई दोन्ही बाजूंच्या आर्मना जोडलेली असते, तिला स्टॅबिलायझर बार म्हणतात. वळणावर गाडी एका बाजूला कलू नये म्हणून ती असते. पण मारुती ८०० आणि जुन्या अल्टोमध्ये तिला दुसरंही काम आहे. चाक मागं-पुढं सरकू नये म्हणून तीच त्याला धरून ठेवते. त्यामुळे तिचे टोकाचे बुश गेले की ब्रेक मारल्यावर चाक किंचित मागं सरकतं आणि टक्‌ असा एकच आवाज येतो.

आवाज ओळखायला शिका, निम्मं काम तिथंच होतं. हळू चालवताना बारीक खड्ड्यांवर खटखट आली तर बुश, बॉल जॉइंट किंवा वरचं माउंटिंग, यांतलं काहीतरी असतं. शॉकअप नुसता गळून गेला असेल तर बहुधा आवाजापेक्षा डुलणं जास्त जाणवतं. आमची गाडी डुलत नव्हती, नुसती वाजत होती. हे तेव्हा कळतं तर साडेचार हजार वाचले असते! गाडी उभी असताना स्टेअरिंग फिरवल्यावर बोनेटखालून स्प्रिंग सुटल्यासारखा टंग्‌ आवाज आला तर वरच्या माउंटिंगचं बेअरिंग बघायचं. वेग वाढेल तसा घूंऽऽ असा आवाज वाढत गेला आणि वळणावर त्याचा सूर बदलला, तर चाकाचं बेअरिंग. पूर्ण वळवून गाडी पुढं घेताना कटकटकट अशी लय लागली, तर तो सस्पेन्शनचा दोषच नव्हे, तो इंजिनाकडून चाकाला फिरवणाऱ्या अ‍ॅक्सलच्या सांध्याचा. त्याचंही रबर फाटलेलं असतं आणि चाकाच्या आतल्या बाजूला ग्रीस उडालेलं दिसतं.

आता हातानं बघायचं. यातलं पहिलं काम जॅकशिवाय होतं. टायरवरून आतून बाहेर असा तळहात फिरवा. फक्त आतली किंवा फक्त बाहेरची कड घासली असेल तर अलाइनमेंट बिघडलंय. जागोजागी खळगे लागले तर शॉकअपवर शंका घ्यायची. मग बोनेटच्या एका कोपऱ्यावर सगळा भार देऊन गाडी खाली दाबा आणि सोडा. वर येऊन थांबली तर ठीक. दोन-तीनदा डुलली तर शॉकअप गेलाय. शॉकअपच्या अंगावर तेल ओघळून त्यावर धूळ चिकटलेली असेल तर वेगळा पुरावा नको.

जॅक लावताना मात्र घाई नको. जमीन सपाट आणि टणक हवी, हँडब्रेक ओढलेला, गाडी गिअरमध्ये, मागच्या चाकांना दगड. चाकाचे नट काढायची गरज नाही. जॅक गाडीच्या ठरलेल्या खाचेतच लावा. आणि जॅकच्या भरवशावर गाडीखाली डोकं घालू नका, कधीच नाही. चुकून जॅक निसटलाच तर गाडी टेकावी म्हणून स्टेपनीचं चाक कडेला आत सरकवून ठेवा.

चाक वर उचललं की घड्याळात बारा आणि सहा असतात तिथं दोन्ही हातांनी धरा आणि वरचा हात ढकलत खालचा ओढा. हललं तर दुसरीला गाडीत बसून ब्रेक दाबायला सांगा आणि पुन्हा हलवा. ब्रेक दाबल्यावर हलणं थांबलं तर बेअरिंग ढिलं आहे. ब्रेक दाबूनही हलत राहिलं तर बहुधा बॉल जॉइंट. मग नऊ आणि तीनच्या जागी धरून हलवा. तिथं ढिलं लागलं तर स्टेअरिंगकडून येणाऱ्या दांड्याचं टोक, म्हणजे टाय रॉड एंड झिजलाय. बारा-सहाला हलतं आणि नऊ-तीनलाही हलतं, असं झालं तर पुन्हा बेअरिंगकडे बघायचं.

यात एक गोम आहे, ती आम्हाला मिस्तरींनी सांगितली. एकच चाक उचललं की तो स्टॅबिलायझर बार आर्मला ताणून धरतो आणि थोडा ढिलेपणा दडून जातो. म्हणून घरी काही सापडलं नाही आणि आवाज मात्र येतोय, तर गॅरेजमध्ये पुढची दोन्ही चाकं उचलून, आर्मला पहार लावून बघायला सांगा. पहारीनं दाबलं की मेलेला बुश आणि ढिला जॉइंट लगेच उघडा पडतो.

बुश वाजत असेल तर पैसे जमेपर्यंत काही दिवस हळू चालवून काढता येतात. टायर झिजेल, आवाज वाढेल, पण ते सोसता येतं. बॉल जॉइंट किंवा टाय रॉड एंड ढिला असेल तर गाडी तिथंच उभी करायची. बाजार बुडाला तरी चालेल. यात आम्ही आता कुणाचंच ऐकत नाही, घरच्या माणसांचंही नाही.

दुरुस्ती आपण स्वतः करावी असं आम्ही म्हणत नाही. शॉकअपवरची स्प्रिंग तर कुणी उघडूच नये, ती दाबून धरायचं हत्यार नसेल तर मिस्तरीनंही नाही. दाबलेली स्प्रिंग सुटली तर माणूस जायबंदी होतो. पण शेजारी उभं राहून बघायला काय हरकत आहे? आम्ही उभ्या राहिलो.

बऱ्याच छोट्या गाड्यांत बॉल जॉइंट लोअर आर्ममध्येच बसवलेला येतो, म्हणून आमचा अख्खा डावा आर्म बदलला. शॉकअप बदलले तर दोन्ही बाजूंचे एकदम बदलतात, पण आर्मचं तसं नाही, दुसरा तपासून चांगला असेल तर राहू देतात. नट सुटू नये म्हणून जिथं पिन घालतात, तिथं जुनी सरळ करून पुन्हा घालू देऊ नका, नवी घालायला सांगा. दोन-चार रुपयांची वस्तू आहे.

आर्मचा बुशकडचा बोल्ट मिस्तरींनी आधी नुसता हातानं लावला. मग गाडी जॅकवरून उतरवली, दोघींना बोनेटवर भार द्यायला लावला, गाडी दोनदा हलवून जागेवर बसू दिली आणि मगच पान्यानं आवळला. आम्ही विचारलं, असं का? म्हणाले, "गाडी हवेत असताना आवळला तर खाली टेकल्यावर रबराला पीळ बसतो. तो पीळ घेऊन ते रोज चालणार, आणि लवकरच फाटणार." नवा बुश लवकर गेला की आपण म्हणतो पार्ट डुप्लिकेट निघाला. कधी तसं असेलही, पण कधी तो हवेत आवळलेला असतो. हा प्रश्न तुम्हीही विचारून बघा. मिस्तरी चांगला असेल तर रागवायचा नाही.

काम झालं की जुना पार्ट मागून घ्या. पहिल्या गॅरेजमध्ये आम्ही जुने शॉकअप तिथंच सोडून आलो होतो, त्यामुळे ते खरंच गेलेले होते की नव्हते, हे आता कुणालाच कळायचं नाही. जुना आर्म मात्र आम्ही घरी आणला. त्याचा गोळा बोटानं हलतो, टोपी फाटलेली आहे आणि आत ग्रीसऐवजी वाळू. नवीन गाडी शिकणाऱ्या मुलींना आम्ही तोच हातात देतो. आर्म, शॉकअप किंवा टाय रॉड एंड यांतलं काहीही बदललं की अलाइनमेंट करून घ्यायचं. ते राहिलं तर नवा टायर काही महिन्यांत एका कडेनं संपतो.

आमच्या गाडी चालवणाऱ्या ताई आता दर महिन्याच्या बैठकीआधी टायरवरून हात फिरवतात, चारही चाकांची हवा बघतात, बोनेट दाबून बघतात आणि जे सापडेल ते इतिवृत्ताच्या वहीत लिहितात. मागच्या पानावर लिहिलंय: उजवा आर्म, आतला बुश, रबराला चीर, अजून आवाज नाही. पुढच्या बैठकीत त्याचा खर्च मंजुरीला आहे.